बर्वेची पार्टी आणि मेहकरचा वकील

दिवाकर बर्वे नावाचा नाटककार कधी जन्मला नाही, तरी त्याला भेटलेली माणसं महाराष्ट्रात गावोगाव सापडतात. महेश एलकुंचवारांनी १९७६ साली त्याला 'पार्टी' या नाटकात आणलं आणि १९८४ साली गोविंद निहलानींनी त्याच नावाच्या हिंदी सिनेमात त्याला मनोहर सिंगांचा चेहरा दिला. बर्वेला मोठा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आहे. दमयंती राणे ही श्रीमंत, कलासक्त बाई त्याच्या सन्मानार्थ आपल्या बंगल्यावर पार्टी देते. सिनेमा म्हणजे जवळजवळ ती एक रात्र. लेखक, नट, समीक्षक, कधीकाळची नटी, डाव्या विचारांची बाई, नव्या दमाचा यशस्वी नाटककार, एक डॉक्टर जो काही लिहीत नाही आणि सगळं बघतो, आणि भरत नावाचा एक तरुण कवी, ज्याला या दिवाणखान्यात यायचंही आहे आणि इथे आल्याची लाजही वाटते आहे. या सगळ्यांच्या बोलण्यात एक माणूस सारखा येत राहतो, तो तिथे नसतो. अमृत. कवी होता, चांगला होता, आणि सगळं टाकून आदिवासींमध्ये काम करायला निघून गेला. रात्र सरत जाते आणि तो मारला गेल्याची बातमी येते.

मराठी वाचकाला या गोष्टीत नवं काही नाही असं पहिल्यांदा वाटतं. मध्यमवयीन, मानमरातब मिळवलेला, आतून पोकळ झालेला लेखक हा आपल्याकडे कादंबऱ्यांतून आणि त्याहून जास्त साहित्यिकांच्या कुजबुजीतून नेहमी भेटतो. 'पार्टी' वेगळी पडते ती एका गोष्टीमुळे. बर्वेला हे सगळं स्वतःविषयी ठाऊक आहे. तो ढोंगी असता तर सिनेमा तासाभरात संपला असता. त्याची अडचण अशी की चांगलं लेखन म्हणजे काय हे ओळखण्याची त्याची नजर अजून शाबूत आहे, आणि त्याच नजरेने तो स्वतःचं अलीकडचं लेखन वाचतो. हात चालतो, नाटकं उभी राहतात, टाळ्या पडतात, आता तर सरकारी मोहोरही उमटली. मनोहर सिंग ही गोष्ट फार कमी हालचालीत दाखवतात. रंगमंचावर तुघलक गाजवलेला हा नट इथे आवाज खाली आणतो, खांदे थोडे पाडतो, आणि कुणी स्तुती केली की चेहऱ्यावर क्षणभर एक त्रास येऊन जातो. चित्रीकरणाच्या सुमाराला त्यांचं वय पंचेचाळीस-शेहेचाळीस होतं. हा आकडा लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

या बर्वेचा काळ कोणता होता? नाटक १९७६चं. जून १९७५ ते मार्च १९७७ देशात आणीबाणी होती. नाटक आणीबाणीवर आहे असं मी म्हणत नाही. त्यात तसं काही सरळ नाही. पण मराठी लेखकाने सत्तेच्या किती जवळ बसावं हा प्रश्न त्या काळात हवेत होता, आणि तो हवेत आणणारा प्रसंग डिसेंबर १९७५मध्ये कऱ्हाडला घडला होता. साहित्य संमेलनाच्या अध्यक्ष दुर्गा भागवत, स्वागताध्यक्ष यशवंतराव चव्हाण, म्हणजे केंद्रातले मंत्री आणि स्वतः वाचणारे-लिहिणारे गृहस्थ. दुर्गाबाईंनी त्या मांडवात जयप्रकाश नारायणांच्या प्रकृतीसाठी प्रार्थना करायला सांगितलं. जयप्रकाश त्या काळात सरकारचे पहिल्या नंबरचे विरोधक होते आणि आजारी होते. पुढच्या वर्षी दुर्गाबाईंना अटक झाली. नंतरच्या आयुष्यात त्यांनी सरकारी सन्मान नाकारले. कऱ्हाडच्या त्या मांडवात इतरही लेखक होते. त्यांच्यातले बहुतेक भले, अभ्यासू, घरी गेल्यावर मित्रांजवळ खरं बोलणारे असणार. एलकुंचवारांची 'पार्टी' ही त्यांची गोष्ट आहे असं मी समजतो. दुर्गाबाईंची नव्हे, आणि खलनायकांचीही नव्हे. मांडवात बसून राहिलेल्यांची.

दुसरीकडे अमृत हाही हवेतून आलेला नाही. १९७२च्या दुष्काळाच्या आगेमागे शिकलेली शहरी मुलं-मुली खरोखरच आदिवासी भागांत जात होती. तेव्हाच्या धुळे जिल्ह्यात शहाद्याला अंबरसिंग महाराजांनी उभं केलेलं काम होतं, तिथे श्रमिक संघटना उभी राहिली, पुण्या-मुंबईची मुलं तिथे जाऊन राहिली. पालघर भागात भूमिसेना होती. आमच्या बुलढाणा जिल्ह्याच्या उत्तरेला, जळगाव जामोद आणि संग्रामपूर तालुक्यांत, सातपुड्याच्या पायथ्याशी भिलाला, कोरकू, निहाल लोकांची गावं आहेत. तेव्हा सिनेमातले लोक 'तो जंगलात गेला' असं म्हणतात, तेव्हा ते कुठल्या तरी दूरच्या, धुक्यातल्या जागेविषयी बोलतात. मी पाहतो तेव्हा मला सोनाळ्याच्या पुढचा रस्ता दिसतो. तिथे एसटी जाते.

निहलानी या नाटकापाशी कसे पोचले हे त्यांच्या आधीच्या सिनेमांवरून कळतं. १९८०चा 'आक्रोश' तेंडुलकरांनी लिहिलेला. त्यात बायकोच्या खुनाचा आरोप असलेला लहान्या भिकू हा आदिवासी कोर्टात तोंड उघडत नाही. ओम पुरींनी जवळजवळ अख्खा सिनेमा न बोलता केला. चार वर्षांनी 'पार्टी'च्या शेवटी अमृत एकदाचा दिसतो, नसीरुद्दीन शाह, काही क्षणांपुरते, रक्ताने माखलेले आणि जीभ कापलेले. एकाने बोलायचं नाकारलं होतं, दुसऱ्याची बोलण्याची सोयच काढून घेतली. आणि या दोन मुक्या माणसांच्या मधे दिवाणखान्याची रात्रभर चाललेली बडबड. ओम पुरी या वेळी अविनाश नावाचे पत्रकार आहेत, अमृतच्या कामाची खबर घेऊन आलेले, आणि कलावंताची राजकीय जबाबदारी काय या वादात सगळ्यांना पेचात धरणारे. 'आक्रोश'मधल्या मुक्या माणसाला जणू चार वर्षांनी वाचा फुटली. मला तो वाद आजही जरा लांबतो असं वाटतं. माणसं माणसांसारखी बोलायची थांबतात आणि भूमिका बोलू लागतात. पण वाद चालू असताना कॅमेरा ऐकणाऱ्यांच्या चेहऱ्यांवर जातो, तिथे सिनेमा पुन्हा जिवंत होतो.

एक गंमत इथेच सांगून टाकतो. सरकारी पुरस्काराने पोखरलेल्या कलावंताचा हा सिनेमा सरकारच्या पैशाने झाला. राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळ, म्हणजे एनएफडीसी, त्याची निर्माती. आणि बर्वेची सहचरी मोहिनी साकारणाऱ्या रोहिणी हट्टंगडींना त्यासाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. त्याच १९८४ साली यातले डॉक्टर, अमरीश पुरी, स्टीव्हन स्पीलबर्गच्या इंडियाना जोन्सपटात माणसाचं काळीज छातीतून उपटून काढत होते. कुणी म्हणेल, बघा, तडजोड. मला तसं वाटत नाही. त्या दशकात हे नट एका हाताने पोट भरत होते आणि दुसऱ्या हाताने निहलानींच्या सिनेमात येत होते, आणि सरकारी पैसा नसता तर हा सिनेमा झालाच नसता. सरकारच्या पैशातून सरकारविषयी अवघड बोलता येतं हे 'पार्टी' स्वतः होऊन दाखवते. तिच्यातल्या पात्रांना मात्र ते जमत नाही.

'पार्टी'विषयी जे लिहिलं-बोललं जातं त्यात सहसा दोन दारं असतात. एक दार दिवाणखान्याचं, एक जंगलाचं. आत राहिलास तर बर्वे, बाहेर पडलास तर अमृत. एक सडतो, एक मरतो. भरत मधे उभा. आणीबाणीच्या सावलीत लिहिलेल्या नाटकाला ही दोन दारं पुरेशी वाटली असतील. मी बुलढाणा जिल्ह्यात शिक्षकी करून साहित्यव्यवहाराच्या कडेला पस्तीस वर्षं काढलेला माणूस आहे. पहिल्यांदा 'पार्टी' पाहिली तेव्हा विद्यार्थी होतो आणि अर्थातच भरत होतो. चाळिशीत डीव्हीडीवर पाहिली तेव्हा अविनाशचं सगळं पटलं. आता बर्वेपेक्षा वयाने मोठा आहे आणि मला राहून राहून एक साधी गोष्ट खटकते. या सिनेमात तालुका नाही.

तालुक्यात पार्टी होत नाही असं कुणी समजू नये. मुंबईच्या पार्टीत दारू असते, आमच्याकडे वरणबट्टी असते, कार्यक्रम तोच. नागरी सत्कार, शाल, श्रीफळ, सन्मानचिन्ह, चौकात फ्लेक्स. फ्लेक्सवर सत्कारमूर्ती लेखकाचा फोटो तिकिटाएवढा आणि शुभेच्छुकाचा फोटो दाराएवढा. जिल्हा पातळीवरच्या संमेलनाला स्वागताध्यक्ष कोण, हे संमेलनाध्यक्ष कोण याच्या आधी ठरतं, कारण मांडव, जेवण आणि पाहुण्यांच्या गाड्या त्याच्याकडे असतात. आणि मानपत्रं! बर्वेला निदान नाटकं लिहावी लागत होती. आमच्याकडच्या चांगल्या लिहिणाऱ्या माणसाचं निम्मं आयुष्य मानपत्रांत जातं. वाढदिवसाच्या महिनाभर आधी फोन येतो. "सर, भाऊंचा पन्नासावा हाय यंदा. गौरवग्रंथ काढून राह्यलो. तुमचे दोन पानं पाह्यजेतच." यात धमकी नसते. प्रेमच असतं. त्याच भाऊंनी कधी तरी कुणाच्या पोराची बदली केलेली असते, वाचनालयाला पत्रे दिलेले असतात. मुंबईतली तडजोड कदाचित महत्त्वाकांक्षेतून येत असेल. इथली उपकारातून येते, आणि उपकाराला नाही म्हणणं फार अवघड असतं. बर्वेचं दुःख पाहताना मला त्याचा हेवा वाटतो तो एवढ्यासाठी, की त्याच्यावर कुणाचे उपकार नाहीत.

पण तालुक्यातून एक तिसरंही दार निघतं. ते या जिल्ह्याने पाहिलेलं आहे.

नागोराव घनश्याम देशपांडे, म्हणजे कवी ना. घ. देशपांडे, २१ ऑगस्ट १९०९ला आमच्या जिल्ह्यात सेंदुरजनला जन्मले. शिकून वकील झाले आणि मेहकरला राहिले. पैनगंगेकाठचं हे गाव बाहेरच्यांना शारंगधर बालाजीमुळे ठाऊक असतं. १८८८ साली खोदकामात ती काळ्या पाषाणाची भव्य मूर्ती निघाली, आणि इंग्रज ती विलायतेला नेतील म्हणून गावकऱ्यांनी घाईघाईने तिची प्रतिष्ठापना करून टाकली असं सांगतात. मेहकरातून नेता न आलेल्या गोष्टींत मी ना.घं.ना धरतो.

नेणारे आले नव्हते असं नाही. १९३२च्या सुमारास नागपूरचे एक तरुण गायक, जी. एन. जोशी, जवळजवळ ना.घं.च्याच वयाचे आणि त्यांच्यासारखेच वकिलीचं शिक्षण घेतलेले, यांनी त्यांची 'शीळ' ही कविता हिज मास्टर्स व्हॉइससाठी गायली. ती रेकॉर्ड घराघरात गेली. मराठी भावगीताचा प्रवास त्या रेकॉर्डपासून मोजण्याची पद्धत आहे. विशी-बाविशीतल्या कवीची कविता अख्खा महाराष्ट्र गुणगुणतो आहे, आणि रेडिओ, ग्रामोफोन, बोलपट असा गीतकारांचा नवा बाजार उघडतो आहे. आज आपण म्हणू, निघ बाबा, मुंबईची गाडी पकड. जोश्यांनी पकडली. ते पुढे त्याच कंपनीत नोकरीला लागले आणि दीर्घकाळ देशातल्या मोठमोठ्या गवयांचे आवाज ध्वनिमुद्रित करत राहिले. आपण आज जे जुनं संगीत ऐकतो त्यातलं पुष्कळ त्यांच्या हाताखालून गेलेलं आहे. ना.घ. मेहकरातच राहिले.

तालुक्याच्या कोर्टात वकिली म्हणजे बांध, वाटणी, वहिवाट, सावकाराचा दावा. सकाळी पक्षकार ओसरीवर, दुपारी कोर्ट, तारीख पडली की पुढची तारीख. कवितेला यात वेळ कुठला? 'शीळ' हा त्यांचा पहिला संग्रह आला तो १९५४ साली. रेकॉर्डनंतर वीस-बावीस वर्षांनी. कवी तेव्हा पंचेचाळिशीत होता, म्हणजे पडद्यावरच्या बर्वेच्याच वयाचा. पुढे 'अभिसार' १९६३ला. मग 'खूणगाठी' थेट १९८५ला. दोन संग्रहांच्या मधे बावीस वर्षं!

या बावीस वर्षांकडे दोन तऱ्हांनी बघता येतं, आणि मी दोन्हींकडे आळीपाळीने गेलो आहे. एक, हा माणूस पार्टीला गेलाच नाही. त्याला बोलावणं नव्हतं अशातला भाग नाही. कविता लोकांच्या ओठांवर होती. त्याने आपलं पोट दुसरीकडे बांधून ठेवलं आणि कविता कुणाच्या दारात उभी केली नाही. जेव्हा आली तेव्हा लिहिली, नाही आली तेव्हा दाव्याचे कागद वाचले. बर्वेला जी भीती रात्रभर खाते, की आता आपण सवयीने लिहितो आहोत, ती भीती ज्याला रोज लिहायचंच नाही त्याच्या वाट्याला येत नाही. बाजार तुम्हाला बिघडवतो, पण तो तुम्हाला चालतंही ठेवतो. ना.घं.नी चालतं राहण्याची सोय सोडून दिली आणि बिघडण्याचा धोकाही.

दुसरी तऱ्हा अविनाशची. त्याला मेहकरला आणून बसवलं तर तो काय विचारेल हे मला नीट ऐकू येतं. वकीलसाहेब, तुमच्या ओसरीवर जे पक्षकार येऊन बसत होते, कापूस पिकवणारे, जमीन गहाण टाकणारे, ते तुमच्या कवितेत किती आले? आणि याचं उत्तर ना.घं.च्या बाजूने देणं सोपं नाही. ते प्रेमाचे, निसर्गाचे, एकट्या मनाचे कवी. त्यांच्या शब्दांना जो नाद आहे तो मराठीत फार थोड्यांना साधला, आणि त्या नादात वऱ्हाडाची माती आहे हेही खरं. पण मातीचा दावा नाही. दिवसभर माणसांची भांडणं ऐकून आलेल्या माणसाला रात्री कवितेत ती नको होती, असं त्यावर म्हणता येईल. अविनाश ते मान्य करणार नाही. मीही पूर्ण करत नाही. फक्त एवढंच म्हणतो की बर्वेविरुद्ध अविनाशचा जो आरोप आहे तो इथे लागू होत नाही. बर्वेने सत्तेच्या घरचं खाल्लं. इथे कवीवर गप्प राहण्याचा आरोप करता येतो, विकला गेल्याचा नाही. हे दोन वेगळे गुन्हे आहेत, आणि 'पार्टी' त्यांना एकाच पिंजऱ्यात उभं करते, ही त्या सिनेमाची मर्यादा मला इथून दिसते.

त्या आरोपाला या जिल्ह्याने नंतर एका परीने उत्तर दिलं. चिखली तालुक्यात अमडापूर आहे. तिथले सदानंद देशमुख बुलढाण्यात प्राध्यापकी करत राहिले आणि २००२ साली त्यांची 'बारोमास' ही कादंबरी आली. एकनाथ हा उच्चशिक्षित शेतकरी, नोकरी मिळत नाही, शेती पुरत नाही, घर आतून तुटत जातं. २००६ साली पंतप्रधानांनी शेतकरी आत्महत्यांच्या सहा जिल्ह्यांसाठी पॅकेज जाहीर केलं, त्यात बुलढाणा होता. कादंबरी त्याच्या चार वर्षं आधीची. २००४चा साहित्य अकादमी पुरस्कार तिला मिळाला, आणि पुढे तिच्यावर हिंदी सिनेमाही झाला. अविनाशला हवं ते लेखन झालं, आणि ते करणारा माणूस जंगलात गेला नव्हता, दिवाणखान्यातही नव्हता. वर्गात शिकवत होता.

आणि खरं म्हणजे 'पार्टी' लिहिणाराही तिथेच होता. या गोष्टीकडे लोकांचं लक्ष कसं जात नाही याचं मला नवल वाटतं. एलकुंचवार यवतमाळ जिल्ह्यातल्या पारव्याचे. नागपुरात सिनेमाला गेले, तिकीट मिळालं नाही, म्हणून विजया मेहतांनी बसवलेलं तेंडुलकरांचं 'मी जिंकलो! मी हरलो!' पाहायला बसले आणि नाटककार व्हायचं ठरवून बाहेर पडले, ही त्यांनीच सांगितलेली हकीकत. १९६७ साली 'सत्यकथे'त 'सुलतान' आलं, विजयाबाईंनी त्यांची नाटकं केली, मुंबईची रंगभूमी त्यांना खुली झाली. त्याच विजयाबाई सिनेमात दमयंती राणे झाल्या, म्हणजे नाटककाराला मुंबईचं दार उघडून देणारी बाई पडद्यावर दार उघडून पाहुण्यांचं स्वागत करते. त्यांनी दमयंती इतकी समजून केली आहे की तिचा राग येत नाही. एलकुंचवार मात्र नागपुरातच राहिले, इंग्रजी शिकवत. मुंबईच्या दिवाणखान्याचं सगळ्यात निर्दय चित्र तिथे राहणाऱ्याने काढलं नाही. ते रात्रीच्या रेल्वेने येऊन, बघून, परत वर्गावर जाणाऱ्याने काढलं. त्यांनी नाटकात स्वतःसाठी जागा ठेवली नाही. डॉक्टर हे थोडं त्यांचं रूप असेल, असा माझा एक कच्चा अंदाज आहे. पण डॉक्टर रात्रभर पार्टीत बसतो. नाटककार घरी गेला आणि त्याने नाटक लिहिलं.

१९८६ सालचा साहित्य अकादमी पुरस्कार 'खूणगाठी'ला मिळाला. 'पार्टी' पडद्यावर येऊन दोन वर्षं झाली होती. राष्ट्रीय सन्मान मिळवणारा एक मराठी लेखक पडद्यावर आणि एक मेहकरात. तो एक शेहेचाळिशीत सगळं मिळून रिकामा, हा सत्त्याहत्तराव्या वर्षी. दहा वर्षांनी, १९९६मध्ये, 'गुंफण' आणि 'कंचनीचा महाल' असे आणखी दोन संग्रह एकदमच आले. दुसऱ्याचं नाव मेहकरातल्या जुन्या वास्तूचं, कंचनी नावाच्या नर्तकीच्या दंतकथेशी जोडलेलं. कवी सत्त्याऐंशी वर्षांचा होता. चार वर्षांनी, मे २०००मध्ये, गेला. मी तालुक्याचं गुणगान करतो आहे असं कुणाला वाटेल म्हणून हेही सांगतो: ज्यांच्या दोन संग्रहांमधली बावीस वर्षं कधी संपलीच नाहीत असे लिहिणारेही आमच्याकडे ढिगाने आहेत. तिसरं दार उघडं असतं, पण त्यातून आत गेलेले बहुतेक लोक तिथे झोपी जातात. त्यांची नावं कुठल्या संमेलनात घेतली जात नाहीत. त्यातले काही माझे मित्र होते, आणि त्यांच्या वह्या त्यांच्या घरच्यांनी पुढे काय केल्या हे विचारायचं मला धाडस होत नाही.

घरच्यांवरून मोहिनी आठवते. 'पार्टी'विषयीच्या चर्चेत तिच्यावर कमी बोललं जातं, कारण कला आणि राजकारण या वादात तिला जागा नाही. ती नटी होती. आता ती बर्वेबरोबर राहते, पिते, आणि तो आपल्याला टाकेल या भीतीत जगते. बर्वेचं मध्यमवय हे नाटकाचा विषय होतं; तिचं मध्यमवय फक्त पार्टीत अडचण करतं. ती जास्त बोलते, चुकीच्या वेळी हसते, लोक नजरा चुकवतात. रोहिणीताई ती भूमिका करतात तेव्हा तरुणच होत्या, पण पडद्यावर एक दमलेलं वय दिसतं. बर्वेची तडजोड त्याने पुरस्काराच्या बदल्यात केली असेल. तिच्या कलेचं काय झालं, कुणी केली ती तडजोड, बदल्यात कुणाला काय मिळालं, याची नोंद सिनेमातल्या एकाही विद्वानाकडे नाही. मेहकरच्या, अमडापूरच्या, नागपूरच्या लेखकांच्या गोष्टी मी इथे सांगितल्या. त्यात बायका किती आल्या हे मोजलं तर माझ्याकडेही दुर्गाबाई आणि विजयाबाई सोडून फारसं काही निघत नाही, आणि त्या दोघी या जिल्ह्याच्या नव्हेत.

गेल्या पावसाळ्यात कॉलेजच्या मुलांना मी 'पार्टी' दाखवली. प्रोजेक्टर धड चालत नव्हता, इंग्रजी सबटायटल्स बहुतेकांना नको होती. अविनाशच्या वादाच्या वेळी मागची रांग मोबाईलमध्ये गेली. शेवटचा अमृत दिसला तेव्हा सगळे शांत. मी नेहमीप्रमाणे विचारलं, तुम्हाला यातलं कोण व्हायला आवडेल? दोघा-तिघांनी अमृत सांगितलं, एकाने प्रामाणिकपणे बर्वे, पुरस्कारासकट. संग्रामपूरकडची एक मुलगी, जी वर्गात फारशी बोलत नाही, ती म्हणाली, "सर, ते बाई शेवटी घरी कशी गेली? तिले कोनी नेलं का?"

मला पटकन सांगता येईना. आम्ही सिनेमा पुन्हा मागे नेला.